मंडईचे नाव

धुळ्याहून सुरतेकडे जाणारा हमरस्ता कोंडाईबारीचा घाट उतरून पुढे आला की नंदुरबार जिल्ह्यातील विसरवाडी हे गाव लागते. ह्या भागातील गावांचा आठवड्याचा बाजार ज्याने एकदा पाहिला आहे, त्याला बाजार म्हणजे काय हे निराळे सांगावयास नको. सकाळी मोकळे असलेले मैदान दोन-तीन तासांत माणसांनी फुलून जाते. कोणी गोणपाट अंथरून त्यावर तुरीची रास घालतो, कोणी मिरच्यांचा ढीग रचतो, कोणी मेथीच्या जुड्या पाण्याचा हबका मारून ताज्या ठेवतो. ह्या बाजाराला भिंत नसते, छप्पर नसते, दरवाजाही नसतो. ऊन तापले तर डोक्यावर फडके घ्यावयाचे आणि पाऊस आला तर माल गोळा करून झाडाखाली धावावयाचे. संध्याकाळी बाजार उठला की मैदान पुन्हा मोकळे होते.

आज दगडी इमारतीत भरणारे मोठमोठ्या शहरांतील बाजारही एके काळी असेच उघड्यावर भरत असत. पुणे शहराची प्रसिद्ध भाजी मंडई ही त्यांतलीच एक. तिचा इतिहास मोठा मनोरंजक आहे. ही मंडई बांधू नये असे ज्यांनी नगरपालिकेच्या सभेत निक्षून सांगितले, त्यांचेच नाव आज तिला आहे. असे का झाले हे समजून घेण्यासाठी सव्वाशे-दीडशे वर्षे मागे जावे लागेल.

पेशव्यांचे राज्य १८१८ साली संपले. दहा वर्षांनी, १८२८ साली, शनिवारवाड्यास मोठी आग लागली आणि आतील महाल जळून गेले. भक्कम तट, बुरूज आणि दिल्ली दरवाजा तेवढे शिल्लक राहिले. ज्या पटांगणात पूर्वी हत्ती-घोडे व सरदारांच्या पालख्या उभ्या राहावयाच्या, तेथे पुढे शहराचा भाजीबाजार भरू लागला. आसपासच्या गावांतील माळी आणि बागवान पहाटे बैलगाड्या जुंपून माळवे घेऊन येत आणि वाड्यासमोर पथाऱ्या मांडीत. शहरात त्यांचा माल खपे. पण पावसाळ्यात त्या जागेचा चिखल होई, उन्हाळ्यात धूळ उडे, सडलेला पाला तेथेच कुजत पडे आणि माश्या घोंघावत. त्या काळी पटकीसारखे साथीचे रोग वारंवार येत असत. शहराच्या मध्यभागी असा उकिरडा असणे बरे नव्हे, हे नगरपालिकेच्या कारभाऱ्यांना दिसत होते. बाजारासाठी एक स्वतंत्र, पक्की इमारत असावी असा विचार त्यातून निघाला.

ह्या विचारास मुंबईचे उदाहरण डोळ्यांसमोर होते. मुंबई नगरपालिकेचे पहिले आयुक्त आर्थर क्रॉफर्ड यांच्या कारकिर्दीत, १८६९ साली, तेथे एक भव्य बाजार बांधून पुरा झाला होता. विल्यम एमर्सन या स्थापत्यकाराने त्याचा आराखडा केला. कुर्ल्याचा पिवळसर दगड आणि वसईचा तांबडा दगड वापरून त्याच्या भिंती उभारल्या. आत चौक आणि चौकात कारंजे, त्याच्याभोवती फळे-भाज्यांचे गाळे, अशी त्याची रचना. प्रवेशद्वारावरच्या कमानींत शेतकऱ्यांची शिल्पे कोरलेली आहेत. ती जॉन लॉकवुड किपलिंग यांनी तयार केली. समोरच्याच सर जे. जे. कलाशाळेत ते शिक्षक होते आणि 'जंगल बुक' लिहिणारे रुडयार्ड किपलिंग हे त्यांचे चिरंजीव. १८८२ साली ह्या बाजारात विजेचे दिवे लागले. हिंदुस्थानात विजेने उजळलेली ती पहिलीच इमारत होय, असे मानतात. त्यावेळी पुणेकर घरोघरी समईच्या नाहीतर कंदिलाच्या उजेडात बसत असत. मुंबईस असा बाजार झाला, मग पुण्यास का नसावा, असे कित्येकांना वाटले तर त्यात नवल नाही.

नगरपालिकेच्या सभेत मंडईचा प्रस्ताव आला, तेव्हा सभासदांत एक गृहस्थ असे होते की ज्यांना भाजीबाजाराची माहिती इतर कोणाहूनही अधिक होती. ते म्हणजे जोतीराव गोविंदराव फुले. त्यांचे घराणे माळ्याचे. पूर्वजांनी पेशव्यांच्या वाड्यात फुले पुरविली, त्यावरून घराण्यास 'फुले' हे आडनाव पडले. वडील गोविंदराव भाजी-फुलांचा व्यापार करीत. जोतीरावांनी स्वतः लहानपणी मळ्यात काम केले होते. पुढे त्यांनी सरकारी बांधकामांची कंत्राटेही घेतली. खडकवासल्याच्या धरणाच्या कामाशी त्यांचा संबंध होता. तेव्हा दगड, चुना, मजुरी आणि हिशेब या गोष्टी त्यांना पुस्तकात वाचून कळलेल्या नव्हत्या. १८७६ ते १८८२ ह्या काळात ते पुणे नगरपालिकेचे सभासद होते. ह्या माळ्याच्या मुलाला मंडईची कल्पना सर्वांत आधी आवडेल, असे कोणीही म्हटले असते.

पण त्यांनी तिला विरोध केला.

लोकांना भाजी विकण्यासाठी सोय नको असे काही त्यांचे म्हणणे नव्हते. त्यांचा प्रश्न असा होता की, नगरपालिकेजवळ पैसा आहे तो थोडा. मग तो आधी कोठे खर्च करावयाचा? लाखांच्या घरात जाणारी रक्कम मनोऱ्याच्या आणि कमानींच्या इमारतीत घालण्यापेक्षा तीच गोरगरिबांच्या मुलांच्या शिक्षणावर खर्च करावी, असे त्यांनी सांगितले.

हा प्रश्न त्यांच्या मनात अकस्मात उपजलेला नव्हता. लहानपणी त्यांचे स्वतःचे शिक्षण मध्येच थांबले होते. माळ्याच्या मुलाला पुस्तके काय करावयाची आहेत, असे कोणीतरी गोविंदरावांच्या मनात भरवून दिले आणि मुलगा शाळेतून मळ्यात गेला. गफार बेग मुन्शी आणि लिजिट साहेब या दोघा सज्जनांनी गोविंदरावांची समजूत घातली नसती, तर तो कदाचित मळ्यातच राहिला असता. १८४१ साली जोतीराव पुन्हा शाळेत बसले. त्यानंतर अवघ्या सात वर्षांनी, १८४८ साली, त्यांनी पुण्यातील बुधवार पेठेत भिड्यांच्या वाड्यात मुलींची शाळा काढली. तेथे शिकविण्याचे काम त्यांच्या पत्नी सावित्रीबाई यांनी अंगावर घेतले. शाळेच्या वाटेवर त्यांच्या अंगावर शेण आणि चिखल फेकण्यात येई. घरच्यांनी दोघांना घराबाहेर पडावयास लावले. पण शाळा त्यांनी सोडली नाही.

शिवाय नुकताच १८७६ ते १८७८ चा भीषण दुष्काळ होऊन गेला होता. दख्खनमधील खेड्यांतून माणसे अन्नान्न करीत बाहेर पडली होती. जोतीरावांनी स्थापन केलेल्या सत्यशोधक समाजाने त्या दिवसांत पुण्याजवळ धनकवडी येथे भुकेल्या मुलांच्या जेवणाची सोय केली होती. ज्यांनी अशी मुले पंगतीत बसलेली पाहिली, त्यांना शहरातील नव्या कोऱ्या इमारतीचे नकाशे पाहून आनंद होणे कठीणच होते.

सभागृहात एकटे पडण्याची जोतीरावांना भीती वाटत नसे. राजप्रतिनिधीच्या स्वागतासाठी शहराच्या तिजोरीतून हजार रुपये खर्च करावेत, असा प्रस्ताव एकदा आला. जमलेल्या सभासदांपैकी विरुद्ध मत देणारे जोतीराव एकटेच होते. त्या दिवसांत सरकारने नेमलेल्या सभासदाने सरकारच्या पाहुण्याविरुद्ध हात वर करणे ही काही लहानसहान गोष्ट नव्हती. ते हजार रुपयेही शिक्षणावर खर्च व्हावेत असेच त्यांचे सांगणे होते. १८८२ साली शिक्षणाची चौकशी करण्यासाठी हंटर साहेबांचे मंडळ नेमण्यात आले, तेव्हा जोतीरावांनी त्यास एक निवेदन सादर केले. सरकारचे उत्पन्न बहुतांशी शेतकऱ्यांच्या घामातून येते आणि शिक्षणाचा खर्च मात्र वरच्या वर्गांच्या मुलांवर होतो, हे त्यांनी त्यात परखडपणे मांडले. प्राथमिक शिक्षण सर्वांना मिळावे आणि निदान बारा वर्षांच्या वयापर्यंत ते सक्तीचे करावे, अशी मागणी त्यांनी केली.

तथापि मंडईच्या बाबतीत सभेने त्यांचे ऐकले नाही.

काम सुरू झाले. वॉल्टर ड्युकॅट यांनी आराखडा काढला आणि प्रत्यक्ष बांधकाम वासुदेव बापूजी कानिटकर यांनी केले. पुण्याच्या फर्ग्युसन कॉलेजची इमारतही पुढे ह्याच कानिटकरांनी बांधली. १८८६ साली मंडई बांधून तयार झाली. मुंबई इलाख्याचे गव्हर्नर त्यावेळी लॉर्ड रे हे होते, म्हणून तिचे नाव 'रे मार्केट' असे ठेवण्यात आले. शनिवारवाड्यासमोरील पथाऱ्या आता पक्क्या छताखाली आल्या.

ही इमारत कशी आहे ते नीट पाहण्यासारखे आहे. मध्यभागी एक उंच अष्टकोनी मनोरा आहे. गाडीच्या चाकाच्या तुंब्यातून जसे आरे निघतात, तसे त्या मनोऱ्यापासून चहूबाजूंना लांब सोपे फाकले आहेत. ह्या रचनेत मोठी युक्ती आहे. एखाद्या लांबच लांब दालनात बाजार भरविला तर दारापाशी बसणाऱ्याचा माल चटकन खपतो आणि शेवटच्या कोपऱ्यात बसणाऱ्याकडे गिऱ्हाईक फिरकत नाही. येथे कोणत्याही बाजूने आत शिरा, पाय आपोआप मध्याकडे वळतात आणि मध्यावर आले की पुन्हा सगळे सोपे समोर दिसतात. छपरे उंच आणि उतरती असल्यामुळे तापलेली हवा वर चढून बाहेर पडते आणि खाली बसलेल्यास व त्याच्या पालेभाजीस गारवा मिळतो. बाजू हवेशीर असल्याने भर दुपारीही दिवा लावण्याची गरज पडू नये, अशी योजना होती. विक्रेत्यांसाठी जमिनीपासून उंच असे ओटे बांधले. ओट्यावर माल मांडला म्हणजे तो चिखलात लोळत नाही आणि गिऱ्हाइकास फारसे वाकावे लागत नाही. काळ्या दगडाच्या टोकदार कमानी युरोपातील जुन्या गॉथिक इमारतींची आठवण करून देतात. भाजीच्या बाजाराला एवढा थाट कशाला, असे मनात येते खरे. पण वांग्या-बटाट्यांच्या राशींवर पसरलेली ती भव्य छाया पाहिली की तो थाटही पाहणाऱ्यास आवडून जातो.

मंडईच्या अंगणातून पलीकडे गेले की तुळशीबाग लागते. पेशव्यांच्या काळी नारो आप्पाजी खिरे यांनी तेथे रामाचे मंदिर बांधले आणि मंदिराच्या आवारात हळूहळू दुकाने थाटली गेली. देवाची उपकरणी, पितळेची भांडी, भातुकलीची खेळणी यांसाठी पुण्यातील बायका-मुले आजही तेथेच जातात. एकीकडे देवळाच्या आवारात आपोआप वाढलेला जुना बाजार आणि दुसरीकडे नकाशा काढून बांधलेला नवा बाजार, अशी ही शेजारी-शेजारी उभी असलेली जोडी आहे.

जोतीराव १८९० साली वारले. त्याआधी दोन वर्षे, १८८८ साली, मुंबईच्या लोकांनी त्यांना 'महात्मा' ही पदवी दिली होती. मंडई सुरू झाल्यावर ते चार वर्षे हयात होते. ज्या माळ्यांची आणि बागवानांची सुखदुःखे त्यांनी 'शेतकऱ्याचा असूड' ह्या ग्रंथात मांडली, तेच लोक आता त्या मनोऱ्याखाली बसून भाजी विकत होते.

पाहता पाहता मंडई हे शहराचे हृदय बनले. नगरपालिकेची कचेरीही काही वर्षे ह्याच इमारतीच्या वरच्या मजल्यावर होती. खाली भेंडीच्या भावाची घासाघीस आणि वर शहराच्या कारभाराची! मंडईतील मंडळींनी १८९४ साली सार्वजनिक गणेशोत्सव सुरू केला. त्यांची शारदा-गजानन ही मूर्ती पुण्याच्या मानाच्या उत्सवात आजही थाटाने मिरविते. मंडईच्या कट्ट्यावर राजकारणाचा काथ्याकूट करणाऱ्यांची इतकी गर्दी होत असे की, गमतीने लोक तिला 'मंडई विद्यापीठ' म्हणू लागले. ह्या विद्यापीठात फी पडत नसे, परीक्षाही होत नसे आणि नापास मात्र कोणीच होत नसे.

१९२४ साली मंडईसमोर लोकमान्य टिळकांचा पुतळा उभारण्यात आला. पंडित मोतीलाल नेहरू यांच्या हस्ते त्याचे अनावरण झाले. पुढच्याच वर्षी, १९२५ साली, केशवराव जेधे यांनी नगरपालिकेत सूचना मांडली की, महात्मा फुले यांचाही पुतळा शहरात असावा. ही सूचना सभेने फेटाळली. त्यावरून शहरात मोठे वादळ उठले. वर्तमानपत्रांतून आणि पुस्तिकांमधून दोन्ही बाजूंनी कडक भाषा वापरली गेली. मुलींची पहिली शाळा काढणारा पुरुष आपल्याच गावात पस्तीस वर्षांत इतका परका कसा झाला, असा प्रश्न आज ते वाद वाचणाऱ्याच्या मनात उभा राहतो.

काळ मात्र थांबत नाही. पुढे नगरपालिकेत प्रल्हाद केशव अत्रे निवडून आले. महाराष्ट्र त्यांना आचार्य अत्रे म्हणून ओळखतो. नाटककार, विनोदी लेखक, शिक्षक आणि पत्रकार अशा अनेक नात्यांनी गाजलेल्या ह्या गृहस्थांच्या पुढाकाराने १९३८ साली 'रे मार्केट' हे नाव गेले आणि मंडईस 'महात्मा फुले मंडई' हे नाव मिळाले. इंग्रजांचे राज्य त्यावेळी चालूच होते. गव्हर्नराचे नाव पुसून माळ्याच्या मुलाचे नाव लिहिले गेले, तेही स्वातंत्र्य मिळण्यापूर्वी नऊ वर्षे. पुढे १९५४ साली अत्र्यांनी 'महात्मा फुले' हा चित्रपटही काढला. मुंबईच्या क्रॉफर्ड मार्केटलाही पुढे महात्मा जोतिबा फुले यांचेच नाव देण्यात आले. अशा रीतीने महाराष्ट्रातील ह्या दोन्ही प्रसिद्ध मंडया एकाच पुरुषाच्या नावाने ओळखल्या जाऊ लागल्या.

मग मंडई बांधली हे चुकले की बरोबर झाले? उन्हापावसात बसणाऱ्या माळणीच्या डोक्यावर छप्पर आले, शहराला स्वच्छ जागी भाजी मिळू लागली, हे काम काही थोडे नव्हे. पण जोतीरावांचा प्रश्नही खोटा ठरला नाही. मंडई १८८६ साली उभी राहिली. सक्तीच्या आणि मोफत प्राथमिक शिक्षणाचा हुकूम राजर्षी शाहू महाराजांनी आपल्या कोल्हापूर संस्थानात १९१७ साली काढला. सहा ते चौदा वर्षांच्या प्रत्येक मुलामुलीला मोफत शिक्षणाचा हक्क देणारा कायदा सबंध देशात अमलात आला तो १ एप्रिल २०१० रोजी. हंटर साहेबांपुढे निवेदन ठेवल्यापासून तोवर एकशेअठ्ठावीस वर्षे उलटली होती. मनोरा चार-पाच वर्षांत उभा राहतो. शाळेत जाण्याचा हक्क मिळावयास चार-पाच पिढ्या लागल्या.

आता मंडईचे रूप पुष्कळ पालटले आहे. घाऊक व्यापार केव्हाच गुलटेकडीच्या मार्केट यार्डात गेला. सप्टेंबर २०२४ पासून मंडईजवळ जमिनीखालून मेट्रो रेल्वे धावू लागली आणि तेथील स्थानकालाही मंडईचेच नाव आहे. वर ओट्यांवर कोथिंबिरीच्या जुड्या, लिंबांचे ढीग, रताळी आणि हिरव्या मिरच्या अजून मांडलेल्या असतात. गिऱ्हाईक भाव विचारते, भाजीवाल्या मावशी सांगतात, गिऱ्हाईक दोन पावले पुढे जाते आणि पुन्हा मागे येते. फुले मंडईत चला असे फार थोडे लोक म्हणतात. बहुतेकांच्या तोंडी नुसते 'मंडई' एवढेच असते.

तेथून पायी थोड्याच अंतरावर भिड्यांचा वाडा होता. १८४८ साली मुलींची शाळा भरली ती ह्याच वाड्यात. मंडईला भक्कम दगड लाभला, तसा ह्या वाड्याला लाभला नाही. त्याच्या भिंती खचल्या, लाकूड कुजले, आणि त्याच्या जागेसंबंधीचा खटला वर्षानुवर्षे चालला. तो सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला. निकाल लागल्यावर डिसेंबर २०२३ मध्ये मोडकळीस आलेली ती वास्तू पाडण्यात आली. मुलींच्या पहिल्या शाळेचे स्मारक त्या जागी उभारावयाचे ठरले आहे.